फोलाके, तुझ्या मुलीला काय सांगू?

फोलाके,

तुझ्या अंत्यविधीला मी माती खाल्ली. तुला यात नवल वाटणार नाही. चर्चमध्ये रांग लागली होती. इथल्या आयरिश पद्धतीने एकेकाने पुढे जायचं, घरच्यांचा हात हातात घ्यायचा, दोन शब्द बोलायचे आणि सरकायचं. माझ्या पुढचे लोक काय म्हणतात ते मी कान देऊन ऐकत होतो. 'सॉरी फॉर युअर ट्रबल.' मनात घोकलंसुद्धा. मग लागोसहून आलेल्या तुझ्या भावासमोर जाऊन उभा राहिलो. त्याचं नाक, त्याची जिवणी, सगळं तुझंच. आणि माझ्या तोंडून निघालं, 'थँक्स फॉर युअर टाइम.'

इतकी वर्षं मीटिंगा करून करून माझ्या जिभेला आता दुसरं काही येतच नाही. जमीन दुभंगली असती तर बरं झालं असतं, पण गॉलवेची जमीन, ती नुसती ओली होते. तुझ्या भावाने हात सोडला नाही. म्हणाला, "तू श्री ना? ती सांगायची तुझ्याबद्दल." काय सांगायचीस, ते विचारायची माझी हिंमत झाली नाही.

मी हे लिहितोय ते मात्र तोलूमुळे. तुला जाऊन महिना झाल्यावर चर्चमध्ये प्रार्थना होती, आमच्याकडे मासिक घालतात तशी. नंतर चहाच्या वेळी तुझ्या लेकीने मला कोटाला धरून बाजूला घेतलं. लिमरिकमधली नोकरी सोडून गॉलवेला परत येतेय म्हणाली. तिला आपल्याच कारखान्यातून ऑफर आली आहे. आपल्याच क्वालिटी विभागात. कळवायला थोडेच दिवस दिलेत. मग इथल्या मुलांसारखं तुला मॅम म्हणत तिने विचारलं, "अंकल, मॅम रोज सांगायची की वर्क इज ग्रँड, सगळं झकास. मला ते कधी पटलं नाही. तुम्ही खरं सांगा. येऊ का मी तिथे?"

मी म्हटलं, रविवारी सांगतो. आज शनिवार. सकाळपासून दोनदा गाडी धुतली. मंजिरी बायकोच्या हक्काने म्हणाली, त्या गाडीला काय विचारताय, फोलाकेलाच विचारा ना. म्हणून बसलोय.

कुठून सुरू करू? मी आलो त्या पहिल्या आठवड्यापासून? शेनला मी 'सर' म्हणायचो आणि तो मागे वळून बघायचा, कोण मोठा माणूस आलाय म्हणून. तू मला कँटीनमध्ये बसवून समजावलंस की इथे साहेबाला नावाने हाक मारतात आणि तसं केलं नाही तर त्याला वाटतं आपण त्याच्यावर रागावलोय. तुलासुद्धा ते जड गेलं होतं. तुमच्या नायजेरियातही वयाने मोठ्या माणसाचं नाव घेत नाहीत. तू वर्षभर त्याला काहीच न म्हणता काम भागवलंस, एखाद्या जुन्या वळणाच्या सुनेसारखं. त्या दिवशी मला वाटलं, चला, या परक्या मुलखात आपल्या गावचं कुणीतरी भेटलं.

आणि तरी त्याच संध्याकाळी मंजिरीला फोनवर तुझं वर्णन करताना मी म्हणालो, एक उंचशी बाई आहे, चष्मा लावते, मोठ्याने हसते, निळा डबा आणते. अख्ख्या कारखान्यात तुला ओळखायची सगळ्यात सोपी खूण होती, तेवढी सोडून सगळं सांगितलं. पुढे मी ही गोष्ट तुला सांगितली तेव्हा तू डोळे पुसत म्हणालीस, "श्री, मी काळी आहे हे मला माहीत आहे. तू सांगितलंस तर मला धक्का बसणार नाही."

टॅक्सीवाल्याची गोष्ट तोलूला सांगायला हरकत नाही. कंपनीच्या जेवणाहून परतताना आपण एकाच टॅक्सीत बसलो. ड्रायव्हर भला माणूस, गप्पिष्ट. त्याने मला विचारलं, तुम्ही कुठल्या हॉस्पिटलात डॉक्टर? आणि तुला विचारलं, तू कुठल्या नर्सिंग होममध्ये असतेस गं? मी त्याची चूक दुरुस्त करायला तोंड उघडलं आणि नेहमीप्रमाणे आवाजच फुटला नाही. उतरल्यावर तू म्हणालीस, तुला टॅक्सीत नुसतं बसल्याबद्दल बढती मिळते, मला वेगळा अर्ज करावा लागतो. मी हसलो. तेव्हा मला ते विनोदी वाटलं होतं. म्हणजे होतंच. पण तो विनोद तू दर आठवड्याला करत होतीस, कधी टॅक्सीत, कधी बँकेत, कधी आपल्याच कारखान्याच्या गेटवर. एकच विनोद इतक्यांदा करून माणूस दमत असेल, हे माझ्या लक्षात यायला फार उशीर झाला.

खरी गोष्ट त्या दोन खोल्यांची आहे. तोलू लिमरिकला औषधांच्या कारखान्यात काम करते, त्यामुळे तिला ती ऐकून माहीत असेल. आपण हृदयात घालायच्या नळ्या बनवतो, तेव्हा तपासणीला बाहेरचे ऑडिटर येणारच. ते आले की पुढच्या खोलीत लांब टेबल, चांगली बिस्किटं, इस्त्रीचे शर्ट. ऑडिटर प्रश्न विचारणार आणि समोर बसलेला उत्तर देणार. मागच्या खोलीत बाकीची फौज, थंड पिझ्झा आणि घामाचा वास. तिथे बसलेली माणसं कागद शोधणार, उत्तर तयार करणार आणि पुढच्याच्या स्क्रीनवर पाठवणार. पुढच्याने ते असं वाचायचं की जणू आत्ताच आठवलं.

तू मागे आणि मी पुढे. मला सगळं तूच शिकवलंस. निर्जंतुकीकरणाची ती भयंकर प्रक्रिया, कुठला आकडा का आणि केव्हा बदलला, सगळं. मला काही येतंय असं वाटायला लागलं तोच शेनने मला पुढच्या खोलीत नेऊन बसवलं. म्हणाला, तुझ्यात एक शांतपणा आहे, श्री, ऑडिटरला बरं वाटतं. मी हे तुला मोठ्या अभिमानाने सांगायला आलो. तू पिझ्झाचा तुकडा खाली ठेवलास. "तू शांत नाहीस. तू घाबरलेला आहेस. बाहेरून दोन्ही सारखंच दिसतं."

तुझ्या वार्षिक मूल्यमापनात मात्र त्याच सुमारास लिहिलं होतं की तू जरा तीव्र वाटतेस. तू एक वर्ष हसतमुख राहून बघितलंस. पुढच्या वर्षी आलं, गांभीर्य वाढवायला वाव आहे.

आणि ते पाणी. ऑडिटरने विचारलं, तापमानाची ही मर्यादा का बदलली. माझा चेहरा पांढरा. स्क्रीनवर तुझं उत्तर उमटलं, मी जीव मुठीत धरून वाचत सुटलो. पहिल्या चाचण्यांमध्ये आवरणाला चिरा दिसल्या म्हणून मर्यादा खाली आणली, नवीन चाचण्यांचा अहवाल जोडलेला आहे, आणि आता पाणी पी. शेवटचंसुद्धा मी त्याच धीरगंभीर आवाजात वाचलं. तो जर्मन ऑडिटर शहाणा माणूस. क्षणभर माझ्याकडे पाहिलं आणि बिचाऱ्याने खरंच ग्लास उचलून पाणी प्यायलं. भिंतीपलीकडून तुझं हसू आलं, अख्ख्या पुढच्या खोलीला ऐकू गेलं. ऑडिटरने विचारलं, तिकडे कोण आहे? शेन म्हणाला, सपोर्ट स्टाफ.

हा किस्सा मी दिवाळीला, वाढदिवसाला, बार्बेक्यूला, जिथे चार माणसं भेटतील तिथे सांगत आलोय. दरवेळी पाणी पिण्याशी थांबतो. 'सपोर्ट स्टाफ' पहिल्यांदाच लिहिलं.

त्यानंतर मॅनेजरची जागा निघाली. सगळ्यांना वाटलं तुझीच. जुना मॅनेजर गेल्यापासून ते काम तूच करत होतीस, फक्त दारावर पाटी नव्हती. जागा कॉनरला गेली, ज्याला तू हातमोजे कसे घालायचे इथपासून शिकवलं होतंस. तुला कारण सांगण्यात आलं ते अगदी सभ्य होतं. बाहेरच्या लोकांसमोर बोलण्याचा तुझा अनुभव कमी पडतो.

आपण घरी जायला आलटून पालटून गाडी काढायचो, त्या दिवशी माझी पाळी होती. राउंडअबाउटवर नेहमीसारखी गाड्यांची रांग. मीच बडबडत होतो. वेगळी कंपनी बघ, डब्लिनला जा, तिथल्या मोठ्या कंपन्यांना तुझ्यासारखी माणसं हवीच असतात. तू शेवटी म्हणालीस, इथे माझं घर आहे, चर्चमधला गाण्याचा कॉयर आहे, माझी मुलगी इथे शाळेत गेली. मी का जाऊ? चूक त्यांची आणि बॅगा मी भरायच्या? आणि मग तू ते मागितलंस. पुढच्या ऑडिटला तू नाही म्हण, श्री. सांग, फोलाके बसेल.

आपलं भांडण सुरू झालं ते तिथून आणि संपलं कधीच नाही. मी म्हणायचो, मी नाही म्हटलं तर ते तुला बसवणार नाहीत, कॉनरला बसवतील, त्यापेक्षा मी बरा, निदान उत्तरं कुणाची ते मला ठाऊक आहे. तू म्हणायचीस, ते तुला ठाऊक असून मला काय उपयोग? मी म्हणायचो, माझं इथलं राहणं कामाच्या परमिटवर आहे. परमिट संपून नागरिकत्व आलं, मग मी घराच्या कर्जाचं सांगितलं. तू म्हणालीस, तुझ्या प्रत्येक दारामागे आणखी एक दार असतं, तू घरात कधी जाणार? मी चिडून म्हटलं, तुला सोपं आहे बोलायला. हे वाक्य मी तुला म्हटलं, फोलाके. तुला. तू रेडिओ लावलास.

आणि मी अगदीच गप्प राहिलो असंही नाही, हे तुलाही मान्य करावं लागेल. एका आढावा बैठकीत शेन माझं कौतुक करायला लागला तेव्हा मी बोललो. म्हटलं, ती उत्तरं माझी नव्हती, फोलाकेची होती. कान गरम झाले होते, पण बोललो. शेन म्हणाला, अगदी खरं, उत्तम टीम आहे आपली. आणि वर्षाखेरीस माझ्या मूल्यमापनात ओळ आली, दुसऱ्याला श्रेय देण्याचा मोठेपणा दाखवतो. वरची श्रेणी मिळाली. तुझं नाव घेतल्याबद्दल मला शाबासकी आणि तुला काहीच नाही. मी तुला गाडीत हे वाचून दाखवलं तेव्हा तू इतकी हसलीस की मला गाडी कडेला घ्यावी लागली. हसू ओसरल्यावर तू खिडकीबाहेर बघत राहिलीस. म्हणालीस, अबेग, चल आता घरी. तुमच्याकडे ते 'अबेग' विनवणीला वापरतात ना? त्या दिवशी त्यात विनवणी नव्हती. नुसता थकवा होता.

एवढं सगळं होऊनही माझ्याशी तू चांगली का वागलीस, हेही मला कळत नाही. बाबा गेले तेव्हा मला विमान मिळालं नाही. नागपूरच्या अंबाझरी घाटावरचे विधी मी कारखान्याच्या पार्किंगमध्ये, गाडीत बसून फोनवर पाहिले. मी कुणालाच सांगितलं नव्हतं. तुला कसं कळलं कोण जाणे. काच पुसली तर तू बाहेर, बॉनेटला टेकून, माझ्याकडे पाठ करून उभी. पाऊस आडवा येत होता. शेन काहीतरी विचारायला आला तर तू हात वर केलास आणि तो परत गेला. तुझ्या त्या 'तीव्र'पणाचा फायदा त्या दिवशी मला झाला. आत येऊन बस म्हणून मी काच खाली केली तर तू म्हणालीस, तू तिकडे बघ, इकडचं मी बघते.

आणि मी तुला काय दिलं? आमच्या मराठी मंडळाच्या दिवाळीचं निमंत्रण. तू हिरव्यागार कापडाचा तो डोक्याचा फेटा बांधून आलीस, राणीसारखी. पाच मिनिटांत आमचे एक गृहस्थ, पुण्याचे, नाव घेत नाही, तुझ्याजवळ गेले आणि विचारलं, जास्तीच्या खुर्च्या कुठे ठेवल्यात? तू सांगितलंस, स्टेजखाली. बरोबर होतं, कारण तुमच्या चर्चचे कार्यक्रम त्याच हॉलमध्ये होतात. ते खुर्च्या घेऊन गेले, थँक यूसुद्धा म्हणाले. मी तुझ्याजवळ येऊन सारवासारव करायला लागलो की ते तसे मनाने चांगले आहेत. तू चकली मोडत म्हणालीस, मी त्यांच्याबद्दल काही बोलले का? मग जरा वेळाने म्हणालीस, तुमच्याकडेही दोन खोल्या आहेत म्हणायच्या.

आता हे तोलूला सांगू? तू तिच्यापासून ज्या गोष्टी लपवल्यास त्या मी तिच्या ताटात वाढू? ये म्हणू तर तू रागावशील, आणि नको म्हणू तर तिला दाराबाहेर ठेवायचं त्यांचंच काम मी केलं. तू सांग. तू नेहमी मागच्या खोलीतून पाठवायचीस ना उत्तर. मी स्क्रीनकडे बघत बसलोय.

इथवर शनिवारी लिहिलं. आज सोमवार आहे.

काल दुपारी सॉल्टहिलला समुद्राच्या कडेने तोलूबरोबर चाललो. वारा असा की बोललेलं अर्धं अरनच्या बेटांकडे जात होतं. मी सगळं सांगितलं. टॅक्सी, पाणी, 'सपोर्ट स्टाफ', कॉनर, गाडीतली भांडणं. विनोदी जागा विनोदी करूनच सांगितल्या, माझी खोड. पाण्याला ती हसली, हुबेहूब तुझ्यासारखी, दोन कुत्री वळून बघायला लागली. बाकीचं तिने मान खाली घालून ऐकलं. प्रोमेनाडच्या टोकाशी ती भिंत आहे. तिथपर्यंत गेलं की पायाने तिला ठोकर द्यायची आणि मग परतायचं, अशी गॉलवेकरांची रीत. तिने सवयीने बूट टेकवला. जन्मापासून इथली. शेनपेक्षा तिचं बोलणं जास्त गॉलवेचं आहे आणि तरीही तिला दर महिन्याला कुणीतरी विचारतं की तू मूळची कुठली.

मी म्हटलं, आता तू ठरव, तुला जागा कशी आहे ते कळलं.

ती म्हणाली, "ते मला आधीच माहीत होतं, अंकल. मॅम घरी आली की कितीतरी वेळ गाडीतच बसून राहायची. मी वरच्या खिडकीतून बघायचे. मग आत येऊन म्हणायची, वर्क वॉज ग्रँड. मी जागेबद्दल विचारलंच नव्हतं. मी शुक्रवारी सही करून टाकली. ते काम मला येतं आणि मला ते हवंय. मला तुमच्याबद्दल विचारायचं होतं. मी तिथे आल्यावर तुम्ही काय करणार?"

मी म्हटलं, "बघ, तोलू, त्याचं असं आहे..."

"मॅम सांगायची, अंकलनी 'बघ' म्हटलं की पुढे उत्तर नसतं."

तर हे सांगायचीस माझ्याबद्दल.

मग मी मोठा दिलदारपणा दाखवला. म्हटलं, ऑडिट आलं की तू पुढच्या खोलीत बस, मी मागे बसतो. मी शेनला सांगतो. उत्तरं मी तिथून पाठवत जाईन. मला वाटलं, फोलाके, की ही काहीतरी भरपाई होईल.

तोलूने माझ्याकडे असं पाहिलं, जसं मी बॉयलरला डिशवॉशर समजलो होतो तेव्हा तू पाहिलं होतंस. म्हणाली, "उत्तरं माझ्याकडे असतील, अंकल. मागे नका बसू. माझ्या शेजारी बसा. मी बोलत असले तरी ते प्रश्न तुम्हाला विचारतील, तुमच्याकडे बघून. ते तुमच्याकडे बघतील तेव्हा तुम्ही माझ्याकडे बघायचं. तोंड उघडू नका. नुसतं माझ्याकडे बघायचं. मग तेही माझ्याकडे वळतात. एवढंच."

एवढंच होतं? मी परमिट काढलं, कर्ज काढलं, नैतिक पेच काढले, तुझ्याशी राउंडअबाउटवर वर्षानुवर्षं वाद घातला, आणि करायचं एवढंच होतं? तू हे मला कधी असं का नाही सांगितलंस? की सांगितलंस आणि तेव्हा मी स्क्रीन वाचत होतो?

आज सकाळी तिचा पहिला दिवस ठरवायला शेनने बोलावलं होतं. तोलू आणि मी शेजारी बसलो. शेनने विचारलं, निर्जंतुकीकरणाचा तिचा अनुभव कितपत आहे. विचारलं मला. ती बाजूला बसलेली असताना. मी उत्तर द्यायला तोंड उघडलं, मिटलं, आणि तिच्याकडे बघितलं. शेन थांबला. एसीचा आवाज येत होता, माझ्या कपाळावर घाम. मग त्याची नजर हळूहळू माझ्या तोंडावरून निघाली आणि तिच्यावर गेली, आणि ती बोलायला लागली.

बाकी काही झालं नाही. शेनच्या लक्षात आलं असेल असं वाटत नाही. उद्या तो परत मलाच विचारेल, परवाही. मला परत वळावं लागेल. संगणकापुढे बसून बसून माझी मान कायमची आखडली आहे, फोलाके, फिजिओ म्हणते आता ती पूर्वीसारखी व्हायची नाही. पण वळते.